शिपायाला एका नोटिशीवर घरी पाठवता येणार नाही, हे सरकारला सांगणारे साताऱ्याचे गजेंद्रगडकर

कुरखेडा. गडचिरोली जिल्ह्याच्या उत्तरेकडचा तालुका. सती नदी, धानाची शेती आणि चहूबाजूंनी जंगल. रेल्वे पकडायची तर वडसा गाठायचं आणि मोठ्या कोर्टाचं काम निघालं तर थेट नागपूर.

अशा भागात शिक्षक, ग्रामसेवक, वनरक्षक टिकून राहावेत म्हणून राज्य सरकारनं ६ ऑगस्ट २००२ ला एक शासन निर्णय काढला. आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात काम करणाऱ्यांना मूळ पगाराच्या १५ टक्के, जास्तीत जास्त १,५०० रुपये प्रोत्साहन भत्ता आणि त्यासोबत वरच्या पदाची वेतनश्रेणी. कर्मचाऱ्यांच्या बोलण्यात हिचं नाव ‘एकस्तर’.

आता समजा, मालेवाडा किंवा पुराड्याकडच्या शाळेत उभी नोकरी काढलेले एक गुरुजी निवृत्तीला आले. सेवापुस्तिका तपासणीला गेली आणि शेरा आला की कालबद्ध पदोन्नतीनंतर एकस्तर लागू नव्हती, सबब जादा दिलेली रक्कम वसूल करा. म्हणजे पेन्शन सुरू व्हायच्या आधीच गुरुजींच्या नावावर लाखाचा आकडा. चूक कार्यालयाची, भुर्दंड गुरुजींना.

गुरुजी काय करतात? वकील गाठतात आणि नागपूर खंडपीठात सरकारविरुद्ध याचिका टाकतात.

आज आपल्याला यात काही विशेष वाटत नाही. पण ज्या सरकारनं नोकरी दिली, पगार दिला, त्याच सरकारला कोर्टात उभं करायचा हक्क शिपायापासून साहेबापर्यंत सगळ्यांना मिळाला कसा? हा हक्क संविधानात लिहिलेला होता हे खरं. पण कागदावरच्या हक्काला धार आणायचं काम काही न्यायाधीशांनी केलं. त्यातलं एक मोठं नाव मराठी आहे.

प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर. भारताचे सरन्यायाधीश.

त्यांच्या आयुष्याची गोष्ट म्हणजे सरकारी आणि बिनसरकारी नोकरदारांच्या पगाराच्या भांडणाची पण गोष्ट आहे. आणि ती वाटते तेवढी एकतर्फी नाही.

घर संस्कृत पंडितांचं

गजेंद्रगड हे गाव उत्तर कर्नाटकातलं. घराण्याचं मूळ तिथलं, पण कुटुंब साताऱ्यात येऊन स्थायिक झालेलं. १६ मार्च १९०१ रोजी साताऱ्यात प्रल्हाद यांचा जन्म झाला. वडील बाळाचार्य संस्कृतचे विद्वान. थोरले भाऊ अश्वत्थामाचार्य पुढे मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक झाले. थोडक्यात, घरात शास्त्रार्थाची चर्चा म्हणजे रोजचं जेवण.

शाळा साताऱ्यात झाली. पुढे दोन वर्षं धारवाडचं कर्नाटक कॉलेज, मग पुण्याचं डेक्कन कॉलेज. १९२४ ला एम.ए. आणि १९२६ ला पुण्याच्याच लॉ कॉलेजातून कायद्याची पदवी. त्याच वर्षी त्यांनी मुंबई उच्च न्यायालयात अपील शाखेकडे वकिली सुरू केली.

वकिली करताना संस्कृत सुटलं नाही. ‘दत्तकमीमांसा’ या दत्तकविधानावरच्या जुन्या संस्कृत ग्रंथाची चिकित्सक आवृत्ती त्यांनी तयार केली. हिंदू कायद्यावरच्या एका त्रैमासिकाचं संपादन केलं. जुन्या ग्रंथात एकाच वचनाचे चार अर्थ निघतात, त्यातला कुठला धरायचा, वचनाचा हेतू काय होता, हे शोधायची सवय त्यांना तिथं लागली. ही सवय पुढे नोकरीच्या नियमांचा अर्थ लावताना कामाला आली.

१९४५ साली ते मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले.

मंत्र्याचा राजीनामा आणि बँक कारकुनांचा पगार

स्वातंत्र्यानंतरचा काळ. बँका अजून खासगी होत्या. बँक कर्मचाऱ्यांच्या पगाराचा वाद देशभर पेटलेला. शास्त्री न्यायाधिकरणानं १९५३ मध्ये निवाडा दिला. त्यावर कामगार अपील न्यायाधिकरणानं १९५४ मध्ये आपला निर्णय दिला. कर्मचाऱ्यांना वाटलं, सुटलो एकदाचे.

पण ऑगस्ट १९५४ मध्ये केंद्र सरकारनं त्या निर्णयात आपल्या अधिकारात बदल केले आणि कर्मचाऱ्यांच्या पदरात पडलेलं काही काढून घेतलं. बँकांना हा बोजा झेपणार नाही, असं सरकारचं म्हणणं होतं.

तेव्हा केंद्रात कामगारमंत्री होते व्ही. व्ही. गिरी. निवाडा झाल्यावर सरकारनंच तो बदलायचा, हे त्यांना पटलं नाही. त्यांनी सरळ राजीनामा दिला. हेच गिरी पुढे १९६९ मध्ये राष्ट्रपती झाले.

प्रकरण हाताबाहेर चाललंय हे पाहून सरकारनं चौकशी आयोग नेमला. अध्यक्ष होते मुंबईचे न्यायमूर्ती राजाध्यक्ष. पण आयोगाचं काम चालू असतानाच त्यांचं निधन झालं आणि जबाबदारी आली गजेंद्रगडकरांकडे.

प्रश्न किचकट होता. बँका लहान-मोठ्या, म्हणून त्यांचे वर्ग पाडलेले. गावं लहान-मोठी, म्हणून त्यांचेही वर्ग पाडलेले. मुंबईतल्या कारकुनाला एक पगार आणि तालुक्याच्या गावातल्या कारकुनाला दुसरा. मग एकाच कामाला दोन पगार का, असं कर्मचारी विचारणार. आणि छोट्या गावातली शाखा तोट्यात गेली तर आम्ही ती बंदच करू, असं बँका म्हणणार. गजेंद्रगडकरांनी दोन्ही बाजू ऐकून १९५५ मध्ये अहवाल दिला. सरकारनं तो मान्य केला आणि त्याच वर्षी कायदा करून तो लागू केला.

पगाराच्या वादात दोन गोष्टी एकाच तराजूत तोलाव्या लागतात, हे इथून त्यांच्या कामात सतत दिसतं. एका पारड्यात माणसाचं पोट, दुसऱ्यात देणाऱ्याची ऐपत.

चांदा जिल्हा मुंबई राज्यात आला तेव्हा

इथं थोडं आपल्या भागाकडे येऊ. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यं नव्यानं आखली गेली. तोवर विदर्भ मध्य प्रदेशात होता आणि राजधानी होती नागपूर. आजचा गडचिरोली जिल्हा तेव्हा नव्हताच, कुरखेडा चांदा जिल्ह्यात होता. त्या दिवशी हा सगळा भाग मुंबई राज्यात आला. नागपूरचं स्वतंत्र उच्च न्यायालय जाऊन तिथं मुंबई उच्च न्यायालयाचं खंडपीठ आलं.

जंगलातल्या नाक्यावरचा वनरक्षक तिथंच उभा होता, पण त्याचं सरकार बदललं होतं. पगार कुठल्या राज्याच्या नियमानं? ज्येष्ठता कशी मोजायची? जुन्या राज्यात मिळणारी सवलत नव्या राज्यात जाणार का?

राज्य पुनर्रचना कायद्याच्या कलम ११५ मध्ये याची सोय होती. नव्या राज्यात गेलेल्या कर्मचाऱ्याच्या सेवाशर्ती त्याचं नुकसान होईल अशा बदलायच्या असतील, तर केंद्र सरकारची आधी मंजुरी घ्यावी लागेल, असं त्यात म्हटलं होतं. या कलमावरून ज्येष्ठतेचे आणि वेतनाचे खटले कितीतरी वर्षं चालले.

या बदलानंतर अडीच महिन्यांनी, जानेवारी १९५७ मध्ये, गजेंद्रगडकर मुंबईहून दिल्लीला गेले. सर्वोच्च न्यायालयाचे न्यायाधीश म्हणून. आता नोकरदारांचे वाद देशभरातून त्यांच्यासमोर येणार होते.

जे.जे. हॉस्पिटलमधल्या दोन महिला

मुंबईचं जे.जे. हॉस्पिटल. वॉर्डात काम करणाऱ्या दोन महिलांना कामावरून कमी केलं गेलं. कारण काय, तर नागरी पुरवठा खात्यातून मोकळे झालेले कर्मचारी सामावून घ्यायचे होते. त्यांना जागा हवी म्हणून या दोघींना घरी पाठवलं. कपातीची भरपाई दिली नाही.

औद्योगिक विवाद कायद्यात तेव्हा एक कलम आलं होतं, २५-एफ. कामगाराला कपातीत काढायचं असेल तर एक महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार द्या आणि प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचा सरासरी पगार भरपाई म्हणून द्या. हे आधी करा, मगच काढा.

सरकार म्हणालं, हा कायदा उद्योगांना लागू आहे. हॉस्पिटल काय गिरणी आहे का? आम्ही नफा कमावतो का?

कामगारांची बाजू घेऊन उभी राहिली हॉस्पिटल मजदूर सभा. खटला सर्वोच्च न्यायालयात गेला आणि जानेवारी १९६० मध्ये निकाल आला. लिहिला होता गजेंद्रगडकरांनी. त्यांनी सांगितलं की नफा आहे की नाही हा प्रश्नच नाही. माणसं कामाला लावून, पद्धतशीरपणे, लोकांना सेवा दिली जाते का ते बघा. तशी दिली जात असेल तर हॉस्पिटलही कायद्याच्या अर्थानं उद्योगच. म्हणून भरपाई न देता काढणं बेकायदा.

थोड्याच दिवसांत नागपूर महापालिकेच्या कर्मचाऱ्यांच्या खटल्यातही सर्वोच्च न्यायालयानं याच दिशेनं निकाल दिला. महापालिकेची बरीचशी खाती उद्योगाच्या व्याख्येत आली. सफाई कामगाराला, पाणीपुरवठ्यातल्या माणसाला पगाराच्या मागणीसाठी औद्योगिक न्यायालयाचं दार उघडलं.

पण हेच गजेंद्रगडकर तीन वर्षांनी, १९६३ मध्ये, दिल्ली विद्यापीठाच्या बसचालकांच्या खटल्यात उलट बाजूला दिसतात. विद्यार्थिनींसाठीची बससेवा तोट्यात गेली म्हणून विद्यापीठानं बंद केली, चालकांना काढलं. चालकांनी भरपाई मागितली. गजेंद्रगडकरांचा निकाल असा होता की शिक्षण देणं हे ध्येयाचं काम आहे, त्याला उद्योग म्हणता येणार नाही आणि चालक हा त्या कामातला किरकोळ भाग आहे. चालकांना भरपाई मिळाली नाही.

ज्या न्यायाधीशानं वॉर्डातल्या महिलांना न्याय दिला, त्याच्याच लेखणीनं बसचालक मात्र रिकाम्या हातानं परत गेले. १९७८ मध्ये बंगलोर वॉटर सप्लाय खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठानं दिल्ली विद्यापीठाचा हा निकाल पुसून टाकला. तेव्हा गजेंद्रगडकर हयात होते.

१९६० चा संप आणि मुंबईतला एक कर्मचारी

दुसऱ्या वेतन आयोगाचा अहवाल १९५९ मध्ये आला. केंद्रीय कर्मचाऱ्यांना किमान ८० रुपये पगार सुचवला होता. महागाईच्या मानानं हा आकडा अपुरा आहे, असं संघटनांचं म्हणणं. ११ जुलै १९६० च्या मध्यरात्रीपासून देशभर केंद्रीय कर्मचाऱ्यांचा संप सुरू झाला. रेल्वे, टपाल, तारखातं, सगळीकडे. सरकारनं वटहुकूम काढून संप बेकायदा ठरवला, अटकसत्र झालं आणि पाच दिवसांत संप मागे घ्यावा लागला.

मग कारवाया सुरू झाल्या. मुंबईत लेखा खात्यात ई. एक्स. जोसेफ नावाचे कर्मचारी होते, संघटनेचे सचिव. संपाच्या तयारीसाठी झालेल्या निदर्शनांत भाग घेतला आणि मान्यता काढून घेतलेल्या संघटनेचं काम चालू ठेवलं, असे आरोप त्यांच्यावर ठेवले गेले. वर्तणूक नियमांतल्या ४-ए आणि ४-बी या नियमांवर ही कारवाई उभी होती. पहिला नियम निदर्शनं आणि संप दोन्हीला बंदी करणारा. दुसरा सांगायचा की सरकारनं मान्यता दिली नसेल किंवा काढून घेतली असेल, त्या संघटनेत राहायचंच नाही.

जोसेफ मुंबई उच्च न्यायालयात गेले. तिथून प्रकरण दिल्लीत पोचलं. ऑक्टोबर १९६२ मध्ये गजेंद्रगडकरांनी निकाल दिला.

त्यात तीन गोष्टी होत्या. पहिली, संप करणं हा मूलभूत हक्क नाही, त्यामुळे संपावरची बंदी कायम. दुसरी, शांततेनं निदर्शनं करण्यावर सरसकट बंदी घालता येणार नाही. तिसरी, संघटना स्थापन करायचा हक्क संविधानानं दिला आहे, सरकारच्या मान्यतेच्या दोरीला तो बांधता येणार नाही. म्हणून ४-बी हा नियम रद्द.

आज तहसील कार्यालयासमोर दुपारच्या सुट्टीत काळ्या फिती लावून घोषणा देणारे कर्मचारी दिसतात. सरकारी नोकरीत असताना असं उभं राहता येतं, याची कायदेशीर मुळं त्या वर्षातल्या निकालांमध्ये आहेत. आणि संप केला की पगार कापला जातो, कारवाई होते, याचीही मुळं तिथंच आहेत.

रेल्वेचा शिपाई

आता मुख्य खटला.

ईशान्य सीमा रेल्वेत मोतीराम डेका हे शिपाई होते. नोकरी कायम झालेली. एके दिवशी त्यांना नोटीस मिळाली की तुमची सेवा संपली. कुठला आरोप नाही, चौकशी नाही. रेल्वेच्या नियम १४८ मध्ये तशी तरतूदच होती की ठरावीक मुदतीची नोटीस दिली की कायम कर्मचाऱ्यालाही काढता येतं.

संविधानात दोन कलमं आहेत. कलम ३१० म्हणतं की सरकारी कर्मचारी राष्ट्रपती किंवा राज्यपालांची मर्जी असेतोवर पदावर राहतो. ही इंग्रजांच्या काळापासून आलेली कल्पना. कलम ३११ म्हणतं की बडतर्फ करायचं, काढून टाकायचं किंवा खालच्या पदावर ढकलायचं असेल, तर आधी आरोप सांगा आणि बाजू मांडायची संधी द्या.

रेल्वेचा युक्तिवाद असा की आम्ही डेकांना शिक्षा म्हणून काढलेलंच नाही. नियमाप्रमाणे नोटीस दिली, करार संपला. मग ३११ कशाला?

सात न्यायाधीशांचं पीठ बसलं. ५ डिसेंबर १९६३ ला निकाल लागला. बहुमताच्या वतीनं मुख्य निकालपत्र गजेंद्रगडकरांचं होतं. त्यांनी मांडलेलं तर्कशास्त्र साधं होतं. कायम पदावरच्या माणसाला निवृत्तीच्या वयापर्यंत, किंवा रीतसर सक्तीच्या निवृत्तीपर्यंत, त्या पदावर राहायचा हक्क असतो. त्याआधी त्याला घरी पाठवणं म्हणजे काढून टाकणंच, मग कागदावर त्याला काहीही नाव द्या. आणि काढून टाकायचं असेल तर कलम ३११ चुकवता येणार नाही. रेल्वेचे ते नियम रद्द झाले.

याचा पेन्शनशी काय संबंध, असं वाटू शकतं. संबंध थेट आहे. पेन्शन वर्षानुवर्षांच्या सेवेवर मिळते. विसाव्या वर्षी कोणी एका नोटिशीवर घरी पाठवणार असेल तर उतारवयाची सोय हवेतच राहते. नोकरीची शाश्वती आधी, पेन्शनचा हक्क त्यानंतर.

दोन महिन्यांत, १ फेब्रुवारी १९६४ ला, गजेंद्रगडकर सरन्यायाधीश झाले. १ एप्रिल १९६४ ला त्यांनी याच धाग्यातला पुढचा निकाल दिला. पंजाबमधले पोलीस अधिकारी गुरुदेवसिंग सिद्धू यांचा हा खटला. तिथल्या एका नियमानुसार फक्त १० वर्षांची सेवा झाल्यावर सरकार कोणालाही सक्तीनं निवृत्त करू शकत होतं. दीर्घ सेवेनंतरच्या सक्तीच्या निवृत्तीला न्यायालयानं आधी मान्यता दिलेली होती. पण दहाच वर्षांत? ऐन उमेदीत माणसाला घरी बसवायचं आणि त्याला निवृत्ती म्हणायचं, हे न्यायालयानं मानलं नाही. तो नियमही गेला.

सरन्यायाधीश म्हणून त्यांचे इतर निकालही गाजले. उत्तर प्रदेश विधानसभा आणि तिथलं उच्च न्यायालय यांच्यात केशव सिंग प्रकरणावरून जुंपली, तेव्हा राष्ट्रपतींनी मागितलेलं मत त्यांच्याच पीठानं दिलं. त्याआधी १९६२ च्या बालाजी खटल्यात आरक्षण साधारणपणे ५० टक्क्यांच्या आत असावं, हे त्यांनीच लिहिलं होतं. आजच्या प्रत्येक आरक्षणाच्या वादात तो आकडा येतो.

खुर्ची बदलली, प्रश्न तोच

मार्च १९६६ मध्ये ते निवृत्त झाले. पण आराम नशिबात नव्हता. त्याच वर्षी ते मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू झाले. सोबत केंद्र सरकारनं महागाई भत्ता आयोगाचं अध्यक्षपद दिलं. आणि पाठोपाठ पहिल्या राष्ट्रीय कामगार आयोगाचंही.

महागाई भत्त्याचं गणित समजून घेऊ. बाजारातल्या किमतींचा एक निर्देशांक असतो. एक महिना कांदा महागला म्हणून लगेच भत्ता वाढवत नाहीत, बारा महिन्यांची सरासरी काढतात. ही पद्धत दुसऱ्या वेतन आयोगाच्या काळापासून रुळत होती. खरा वाद असतो पुढचा. महागाईनं पगाराची जेवढी किंमत खाल्ली, तेवढी सगळी भरून द्यायची की काही टक्के?

कर्मचारी म्हणत होते, सगळी द्या आणि सगळ्यांना द्या. १९६५ चं युद्ध, दुष्काळ आणि १९६६ चं रुपयाचं अवमूल्यन यांनी सरकारची तिजोरी खिळखिळी झालेली. १९६७ मध्ये आयोगाचा अहवाल आला. खालच्या पगाराला जास्त भरपाई, पगार वाढत जाईल तशी भरपाई कमी, असं त्याचं सूत्र होतं.

कर्मचाऱ्यांचं समाधान झालं नाही. गरजेवर आधारित किमान वेतन, महागाईची पूर्ण भरपाई आणि महागाई भत्त्याचं मूळ पगारात विलीनीकरण या मागण्यांवर १९ सप्टेंबर १९६८ ला केंद्रीय कर्मचाऱ्यांनी एक दिवसाचा संप केला. सरकारनं पुन्हा वटहुकूम काढला. अटका झाल्या, अनेकांच्या नोकऱ्या गेल्या. जे कायम होते त्यांच्यामागे कलम ३११ ची ढाल होती. जे तात्पुरते होते त्यांच्यामागे ती तेवढी भक्कम नव्हती.

निकालांतून कर्मचाऱ्यांचे हक्क पक्के करणाऱ्या माणसाच्या अहवालावर कर्मचारी नाराज झाले. यात विसंगती वाटेल. पण न्यायाधीशाला विचारलेला प्रश्न असतो की नियम कायदेशीर आहे का. आयोगाला विचारलेला प्रश्न असतो की पैसा कुठून आणायचा. पहिल्याचं उत्तर हो किंवा नाही असं देता येतं. दुसऱ्यात कोणीच पूर्ण खूश होत नाही.

१९६९ मध्ये राष्ट्रीय कामगार आयोगाचा अहवाल आला. कामगारांचे वाद सरकारच्या हातून काढून स्वतंत्र औद्योगिक संबंध आयोगाकडे द्यावेत, ही त्यातली मोठी शिफारस. ती अमलात आली नाही. १९७१ ते १९७७ ते विधी आयोगाचे अध्यक्ष होते. १९७२ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळालं.

दरम्यान महागाई भत्त्याचा प्रश्न त्यांच्या स्वतःच्या राज्यात पेटला. डिसेंबर १९७७ मध्ये महाराष्ट्रातल्या सरकारी कर्मचाऱ्यांनी केंद्राइतक्या दरानं महागाई भत्ता मागत संप पुकारला. र. ग. कर्णिक यांच्या नेतृत्वाखाली तो तब्बल ५४ दिवस चालला.

१२ जून १९८१ रोजी मुंबईत गजेंद्रगडकरांचं निधन झालं. त्यांचं इंग्रजी आत्मचरित्र त्यानंतर, १९८३ मध्ये प्रसिद्ध झालं.

त्यांच्यानंतर

१९८२ हे वर्ष या गोष्टीसाठी महत्त्वाचं. २६ ऑगस्टला चंद्रपूरमधून गडचिरोली हा नवा जिल्हा निघाला आणि कुरखेडा त्यात गेलं. १७ डिसेंबरला सर्वोच्च न्यायालयानं डी. एस. नकारा खटल्याचा निकाल दिला. पेन्शनची सुधारित पद्धत ३१ मार्च १९७९ नंतर निवृत्त झालेल्यांनाच मिळणार, आधीच्यांना नाही, ही तारखेची भिंत पाडली गेली. पेन्शन ही सरकारची खैरात नसून केलेल्या सेवेचा मोबदला आहे, हे त्या निकालानं पक्कं केलं. पीठाचे अध्यक्ष होते मराठी सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड, निकालपत्र लिहिलं न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी. १७ डिसेंबर हा पेन्शनर दिन म्हणून पाळतात तो यामुळे.

मग २०१४ मध्ये रफिक मसीह खटला आला. कार्यालयाच्या चुकीनं जादा पगार गेला असेल तर तृतीय आणि चतुर्थ श्रेणी कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून आणि निवृत्तीला वर्षभर उरलेल्यांकडून वसुली करता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं. जादा रक्कम पाच वर्षांहून जास्त काळ दिली गेली असेल तरीही नाही. एकस्तरच्या वसुलीविरुद्ध लढताना कर्मचाऱ्याच्या हातातलं हे मोठं हत्यार. मात्र जादा रक्कम परत करीन असं हमीपत्र आधीच लिहून दिलेलं असेल तर प्रकरण अवघड होतं, हे २०१६ च्या एका निकालानं दाखवलं. म्हणून वेतननिश्चितीच्या वेळी समोर येणारा कागद वाचूनच सही करावी.

दाद कुठं मागायची हेही लक्षात ठेवायला हवं. राज्य सरकारचे कर्मचारी, म्हणजे वनरक्षक, तलाठी, पोलीस, आधी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या म्हणजे मॅटच्या नागपूर खंडपीठात जातात. जिल्हा परिषदेचे शिक्षक आणि ग्रामसेवक साधारणपणे उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात.

एक भांडण मात्र अजून मिटलेलं नाही. १ नोव्हेंबर २००५ पासून महाराष्ट्रात नोकरीला लागलेल्या बहुतेकांना जुनी पेन्शन नाही. मार्च २०२३ मध्ये त्यासाठी राज्यभर संप झाला, गावोगावच्या शाळा आणि कार्यालयं बंद राहिली. कर्मचारी म्हणाले, म्हातारपणाची शाश्वती हवी. सरकार म्हणालं, तिजोरीला झेपायला हवं.

१९५५ मध्ये बँक कारकुनांच्या फायली उघडून बसलेल्या गजेंद्रगडकरांसमोर हेच दोन युक्तिवाद होते. त्यांनी प्रत्येक वेळी दिलेलं उत्तर सगळ्यांना पटलं नाही, एक तर पुढे न्यायालयानंच खोडलं. पण कायम शिपायाला आरोप न सांगता, त्याचं म्हणणं न ऐकता काढता येत नाही, हा त्यांनी घालून दिलेला दंडक साठ वर्षांनंतरही उभा आहे.